हरिश्चंद्राच्या तारामतीला कुणी ओळखतं का? (अण्णा साळुंके)

तळटीप

गेल्या गणपतीत आमच्या सोसायटीत प्रश्नमंजूषा होती. 'भारतीय चित्रपटातली पहिली नायिका कोण?' असा प्रश्न आला. मी घंटीवर हात मारला आणि ठणकावून सांगितलं, "अण्णा साळुंके." मंडपात जो हशा पिकला तो विचारू नका. निवेदन करणारा पोरगा म्हणाला, "काका, नायिका विचारलीय." त्याच्या चिठ्ठीवर दुर्गाबाई कामत लिहिलं होतं. गुण गेले ते गेलेच, वर आठवडाभर लिफ्टमध्ये भेटेल तो 'काय तारामती!' म्हणून हाक मारत होता.

चिडून ठरवलं, या माणसाबद्दल मिळेल तेवढं वाचायचं. दीड महिना झाला. हाती लागलं ते एका पोस्टकार्डावर मावेल.

तर पोस्टकार्ड असं. १९१२ साल. दादासाहेब फाळके लंडनहून परत आलेत, सोबत विल्यमसन कॅमेरा आहे, दादरला 'राजा हरिश्चंद्र'ची जुळवाजुळव चाललीय. तारामतीसाठी बाई मिळत नाही. वर्तमानपत्रांत जाहिराती देऊन झाल्या, नाचगाणं करणाऱ्या बायकांच्या वस्तीत जाऊन झालं. चित्रपटात उभं राहणं त्यांनाही कमीपणाचं वाटलं. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात फाळक्यांचं लक्ष तिथल्या एका पोऱ्याकडे गेलं. सडपातळ, नाजूक चणीचा, हाताची बोटं निमुळती. कुणी त्याला आचारी म्हणतं, कुणी वेटर. पगार दहा रुपये. फाळक्यांनी पंधरा देऊ केले. पोऱ्या आला.

२१ एप्रिल १९१३ला ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मेला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये चित्रपट लागला. हरिश्चंद्र दत्तात्रय दामोदर दाबके, रोहिदास फाळक्यांचा स्वतःचा मुलगा भालचंद्र, तारामती अण्णा साळुंके. पुढे १९१७च्या 'लंकादहन'मध्ये याच माणसाने राम आणि सीता दोन्ही केले. भारतीय पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका म्हणून तीच मोजतात. मग १९२२चा 'सत्यनारायण', १९२३चा 'बुद्धदेव'. या दोन्हींत छायाचित्रणही त्यांचंच. संपलं पोस्टकार्ड.

मला खटकतं ते असं की यातला हॉटेलचा किस्सा शंभर ठिकाणी सापडतो आणि बाकीचं एकेका ओळीत. बरं, तो किस्सासुद्धा फाळक्यांचा आहे. अडचण फाळक्यांची, नजर फाळक्यांची, पाच रुपयांची वाढही फाळक्यांनीच दिलेली. साळुंके त्यात फक्त 'सापडतात', हरवलेली किल्ली सापडावी तसे. सापडल्यावर त्यांनी पडद्यावर काय केलं हे कुणी लिहितच नाही. इथे जुन्या सिनेमातले जाणकार बरेच आहेत, म्हणून धागा काढला. किस्सा सोडून बोलूया.

---

खवट

पोस्टकार्ड छान आहे, पण त्यावर महाकादंबरी कशाला? हॉटेलातला पोऱ्या. जास्त पगार मिळाला, गेला. त्या जागी दुसरा पोऱ्या असता तर आज तुम्ही त्याच्यावर धागा काढला असता. अभिनय वगैरे आपण मागाहून चिकटवतो.

---

मनूची आई

धागा आवडला. वाचनखूण साठवली.

मिशीचं कुणीच लिहिलं नाही का? माझ्या पणजोबांच्या दोनच फोटोंत फरक आहे. एकात मिशी आहे, दुसऱ्यात नाही, आणि दुसरा त्यांचे वडील गेल्याच्या महिन्यातला आहे. वडील जिवंत असताना मिशी उतरवणं म्हणजे अभद्र! 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी स्त्रीभूमिकेला घेतलेली मंडळी मिशी काढायला तयार नव्हती, फाळक्यांना घरोघर समजूत घालावी लागली होती, असं वाचलंय. आपल्याला ते विनोदी वाटतं. त्या घरातल्या म्हाताऱ्याला काय वाटलं असेल? पोरगा संध्याकाळी मिशी काढून दारात उभा, आणि बाप आतून 'कोण आलंय' विचारतोय.

---

उंटावरचा शहाणा

मिशीवर एक उपप्रश्न. स्त्रीभूमिका करणारे गुळगुळीत चेहऱ्याचे पुरुष तेव्हा महाराष्ट्रात काय कमी होते? संगीत नाटक भरात होतं. गंधर्व नाटक मंडळी १९१३चीच, म्हणजे तारामती पडद्यावर आली त्याच वर्षाची. मग फाळक्यांना हॉटेलात का जावं लागलं?

माझा अंदाज सांगतो, पटला तर घ्या. नाटकातल्या स्त्रीपार्टीची सगळी किंमत गळ्यात होती. बालगंधर्वांचा शालू लोक बघायचे, पण रात्र जागवायचे ती पदांसाठी. 'वन्स मोअर' पदाला मिळतो, चालण्याला नाही. मूकपटाला गळा नकोच होता. ज्याची कमाई आवाजावर आहे त्याने जिथे आवाज पोचत नाही अशा ठिकाणी का यावं? विश्वामित्र झालेले साने, हरिश्चंद्र झालेले दाबके ही मंडळी रंगभूमीच्या ओळखीतून आली, पण ती पुरुषभूमिकांसाठी. तारामतीला हवे होते हात, मान, चाल. ती नाटकाच्या बिऱ्हाडाबाहेरही सापडू शकत होती. सापडली ग्रँट रोडला.

खवटराव म्हणतात तसा 'कुणीही चालला असता' हे मला म्हणूनच पटत नाही. कुणीही चाललं असतं तर फाळके इतके हिंडले नसते.

---

खवट

हे जरा विचार करण्यासारखं आहे. पण 'हात, मान, चाल' होती हे कशावरून? ऑनलाइन क्लिपमध्ये मला तरी एक बाई (बुवा) टुणटुण उड्या मारत चालताना दिसते.

---

रीळवाला

या टुणटुणीवर बोललंच पाहिजे. तालुक्याच्या टॉकीजमध्ये एकोणीस वर्षं ऑपरेटर होतो. कार्बन जाळून दिवा लावायचा तेव्हापासून.

मूकपट हाताने कॅमेऱ्याचा दांडा फिरवून घ्यायचे. सेकंदाला साधारण सोळा चौकटी पडत. बोलपट आल्यावर सेकंदाला चोवीस ठरल्या. सोळाच्या हिशेबाने घेतलेलं चोवीसने चालवलं की माणूस दीडपट वेगाने चालतो. झाली टुणटुण! त्यात साळुंक्यांचा काही दोष नाही. मूकपटातल्या बहुतेक नटांची या गणिताने चेष्टा झालीय. बऱ्याच क्लिपांत हाच घोळ असतो.

हिशेब करूनच दाखवतो. 'राजा हरिश्चंद्र' चार रिळांचा, ३,७०० फूट. एका फुटात सोळा चौकटी बसतात. म्हणजे सेकंदाला सोळाने चालवला तर एक फूट एक सेकंद. ३,७०० सेकंद, एक तास आणि वर दीडेक मिनिट. चोवीसने चालवला तर एक्केचाळीस मिनिटं. आता सगळीकडे 'चाळीस मिनिटांचा चित्रपट' असं छापलेलं असतं, ते कुठल्या गणितातून येतं ते बघा. दाबके, साळुंके, सगळ्यांच्या कामातली वीस मिनिटं अशीच खाल्ली गेली. प्रत्येक हालचालीतली थोडी थोडी.

दुसरी गोष्ट फिल्मची. तेव्हाच्या फिल्मला तांबडा रंग दिसत नसे. तांबडं ते काळं यायचं. कुंकू काळं, ओठ काळे. उन्हाने रापलेली आपली कातडी आहे त्याहून सावळी. म्हणून पावडरीचा थर. दाढीचे खुंट जरा राहिले की गालावर राख फासल्यासारखं दिसायचं. मनूच्या आईंनी मिशीचं लिहिलंय, पण मिशी एकदा काढून भागत नाही, रोज सकाळी घोटून काढायला लागते. आणि शूटिंग सगळं उन्हात, कारण दिवे नाहीत. पावडर, साडी, टोप, मे महिन्याच्या तोंडावरचं ऊन. पंधरा रुपये जास्त होते असं मला वाटत नाही.

---

मनूची आई

रीळवाला, दंडवत घ्या. 'एक फूट एक सेकंद' हे कायम लक्षात राहील.

---

नाशिकचा भास्कर

चर्चा रंगलीय त्यात मिठाचा खडा टाकतो.

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची अशी दोनच रिळं आहेत, आणि ती १९१३चीच आहेत यावर एकमत नाही. फाळक्यांनी १९१७मध्ये तीच कथा 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' म्हणून पुन्हा काढली होती. काही अभ्यासकांचं म्हणणं, आज आपण बघतो ती रिळं या दुसऱ्या चित्रपटाची. खवटरावांची टुणटुण कदाचित चार वर्षं नंतरची असेल.

दुसरं, नाशिककर म्हणून. १९१८मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी आमच्या गावी निघाली, भागीदारीत. फाळक्यांचं भागीदारांशी बिनसलं, ते काशीला गेले, नाटक लिहीत बसले, १९२२मध्ये परत आले. कंपनी मधल्या काळात चालूच होती. तळटीप यांनी पोस्टकार्डाच्या शेवटच्या ओळीत कोंबलेले 'सत्यनारायण' आणि 'बुद्धदेव' याच दिवसांतले. माझ्या मते पोस्टकार्डाची खरी बातमी तीच ओळ आहे. दहा वर्षांपूर्वी कपबशा उचलणारा माणूस आता कॅमेऱ्याचा दांडा फिरवतोय. रीळवाला सांगतील, सेकंदाला सोळाचा ठेका न चुकता हाताने धरणं म्हणजे काय असतं ते. ते हॉटेलात शिकता येत नाही. फाळक्यांच्या कारखान्यात डोळे उघडे ठेवून वावरल्याशिवाय नाहीच.

कारखाना शब्द मुद्दाम वापरला. 'आम्ही हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत' असं सांगा, अशी फाळक्यांची आपल्या माणसांना शिकवण होती. सिनेमा म्हटलं तर लोक नाक मुरडत.

---

चिंगी

अवांतर: 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' (२००९, परेश मोकाशी) कितव्यांदा तरी बघायला हवा आता. आमच्या घरी दर १ मेला लागतो.

---

तळटीप

सगळ्यांचे आभार. भास्कर, रिळांचा वाद माहीत होता, लिहायला कचरलो, कारण मग बघायचं तरी काय उरतं असं वाटलं. पण तुम्ही कॅमेऱ्याची ओळ बरोबर पकडलीत. मी ती घाईत उरकली होती.

आता मला छळणारा मुद्दा. सगळीकडे लिहितात, बायका मिळत नव्हत्या म्हणून पुरुष घेतला. १९१३पुरतं मान्य. पण त्याच वर्षी फाळक्यांनी 'मोहिनी भस्मासूर' काढला आणि त्यात दोन बायका होत्या. दुर्गाबाई कामत पार्वती, त्यांची तेरा-चौदा वर्षांची मुलगी कमलाबाई मोहिनी. (सोसायटीतल्या त्या चिठ्ठीवरच्या दुर्गाबाई त्या ह्या. पडद्यावरची पहिली स्त्री त्याच, यात वाद नाही. माझा वाद 'नायिका' या शब्दाशी होता. असो.) म्हणजे दार उघडलं होतं. तरी चार वर्षांनी 'लंकादहन'ची सीता कोण? पुन्हा साळुंके! आणि राम दुसरा कुणी नको, तोही हाच.

अडला हरी म्हणून घेतलेल्या माणसाला कुणी चार वर्षांनी राम आणि सीता दोन्ही देत नाही. दुर्गाबाई आणि कमलाबाई नाटक मंडळीतल्या, गावोगाव हिंडणाऱ्या. त्या सहज मिळणाऱ्या नव्हत्या आणि साळुंके हाताशी होते, हे धरलं तरी राम करायला पुरुषांचा दुष्काळ नव्हता.

---

उंटावरचा शहाणा

रामसीतेचं कोडं मला वाटतं कथेतच सुटतं. लंकाकांडात ते दोघं एकत्र असतात किती? ती अशोकवनात, हा समुद्राच्या अलीकडे. एका चौकटीत दोघांना उभं करायची वेळच कमी. एकाच माणसाला दोन्ही देता येतील अशी सगळ्या रामायणातली सोयीची जागा निवडली फाळक्यांनी. कॅमेऱ्याच्या करामतींची त्यांना हौस होती, पण इथे करामत न करताच काम होतं.

---

नाशिकचा भास्कर

आणि लोकांनी ते मानलं, हे महत्त्वाचं. गिरगावात वेस्ट एंडला 'लंकादहन' लागला तेव्हा पडद्यावर राम आला की प्रेक्षक चपला काढत. सकाळपासून मध्यरात्रीपर्यंत खेळ. मद्रासला गल्ल्याची नाणी बैलगाडीतून न्यावी लागली, पोलीस बंदोबस्तात. पुढच्या प्रसंगात सीता म्हणून जो बसलाय तोच मघाचा राम, हे दंड बघून कळत नसेल? कळत असेलच. तरी हात जोडलेले.

आज 'लंकादहन'चा पाचशे फुटांच्या आसपास तुकडा उरलाय. रीळवाला यांच्या हिशेबाने आठ मिनिटांच्या थोडं वर.

---

खवट

आठ मिनिटं. बरं. मघाशी 'दुसरा पोऱ्या असता तर' म्हणालो ते अर्धं मागे घेतो. अर्धंच. निमुळती बोटं नसती तर तो माणूस ग्रँट रोडलाच राहिला असता, हे अजून म्हणतो.

---

मनूची आई

खवट, बोटांवर आले पण हाताच्या कामावर नाही आलात. स्त्रीभूमिका करणाऱ्यांना फाळके साड्या नेसवून तांदूळ निवडायला, दळायला बसवत असं वाचलंय. अंगवळणी पडावं म्हणून. आमच्याकडे दिवाळीला अनारशाचे तांदूळ निवडायला मी नवऱ्याला बसवलं होतं, वीस मिनिटांत त्याचं कंबरडं मोडलं. मांडी कुठे मोडायची, सूप कुठे टेकवायचं, पदर कसा सावरायचा, यातलं एकही शरीर आपोआप करत नाही. आणि हे सगळं चालू असताना सरस्वतीबाई फाळके खऱ्याच आत राबत होत्या. सगळ्या कंपनीचा स्वयंपाक करून रात्री फिल्मला भोकं पाडायला बसायच्या. साळुंके बघत असतील का त्यांच्याकडे? मी असते तर तिथूनच चोरलं असतं.

---

कोल्हापूरची रेवा

सगळी मुंबई-नाशिकच झाली, आमचं कोल्हापूर कुठाय?

तारामती दुसऱ्यांदा गाजली ती आमच्यात. १९३२, प्रभातचा 'अयोध्येचा राजा', व्ही. शांताराम. तीच हरिश्चंद्राची गोष्ट, पण आता बोलपट. हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे, म्हणजे उंटावरचा शहाणा यांनी वर ज्या गंधर्व नाटक मंडळीचं सांगितलं तिच्या संस्थापकांपैकी एक. बघा, सिनेमाला आवाज आल्याबरोबर गळेवाले आले का नाही? तुमचा अंदाज बरोबर निघाला म्हणायचा. खुद्द बालगंधर्व आले ते १९३५ला, 'धर्मात्मा'त, एकनाथ म्हणून. बाई म्हणून नव्हे.

आणि तारामती? दुर्गा खोटे. मोठ्या घरची, कॉलेजात शिकलेली. एकोणीस वर्षं झाली होती फक्त मधे. कोठीवरच्या बाईने नाही म्हटलेली भूमिका एकोणीस वर्षांत तिथवर पोचली. १९८३ला दुर्गा खोट्यांना पुरस्कार मिळाला तो दादासाहेब फाळक्यांच्या नावाचा. तारामतीलाच मिळाला की. फक्त दुसऱ्या.

---

चिंगी

+१ रेवा. काटा आला.

---

खवट

कोल्हापूरकरांनी बाजी मारली. मी गप्प.

---

तळटीप

खवट गप्प झाल्याची नोंद संपादकांनी घ्यावी.

रेवा, हे डोक्यातच आलं नव्हतं. 'मी, दुर्गा खोटे' हे त्यांचं आत्मचरित्र घरात आहे, पुन्हा काढतो. आणि यंदाच्या गणपतीत प्रश्न काढायचं काम मी मागून घेतलंय. पहिला प्रश्न ठरला: 'एकाच चित्रपटात राम आणि सीता दोन्ही कुणी केले?' बघू किती जण घंटी वाजवतात.

---

मनूची आई

काल रात्री मनूला घेऊन पहिलं रीळ बघितलं. (ते १९१३चं की १९१७चं या वादात तिला पाडलं नाही.) आधी नेहमीच्या वेगाने. ती खो खो हसली. मग रीळवाला यांचं आठवलं, तिथे वेग कमी करायची सोय असते, पाऊणपट केला. तो हौदाचा प्रसंग आला, राजा बोलवायला येतो आणि तारामती सख्यांसोबत पाण्यात असते तो. सगळे पुरुष, सगळ्यांच्या साड्या चिंब. मनू हसायची थांबली. म्हणाली, "आई, हिला थंडी वाजत असेल." मी सांगितलं, ही नाही, हा. तिने पुन्हा बघितलं आणि म्हणाली, "मग ह्याला वाजत असेल."

---

रीळवाला

मनूला सांगा, अजून थोडं हळू करायचं. सोळा भागिले चोवीस म्हणजे पाऊण नाही, दोन तृतीयांश.